पाच-दहाच्या आत

६ ऑगस्ट २०२२ रोजी बर्मिंगहॅमच्या राष्ट्रकुल स्पर्धेत ३००० मीटर स्टीपलचेसची अंतिम शर्यत झाली. केनियाचा अब्राहम किबिवोट ८ मिनिटं ११.१५ सेकंदांत आला, बीड जिल्ह्यातल्या मांडव्याचा अविनाश साबळे ८ मिनिटं ११.२० सेकंदांत. फरक सेकंदाच्या विसाव्या भागाचा. त्या वेगाने धावणारा माणूस एवढ्या वेळात साधारण तीस सेंटीमीटर पुढे सरकतो, म्हणजे शाळेतल्या कंपासपेटीबरोबर मिळायची ती एक फूटपट्टी. एवढ्या अंतराने साबळेचं सुवर्णपदक गेलं. आणि त्याच शर्यतीत त्याने स्वतःचा राष्ट्रीय विक्रम १.२८ सेकंदांनी सुधारला.

एकच माणूस, एकच रेषा, एकच घड्याळ. आणि तरीही तो हरला आणि त्याने काहीतरी कमावलंही. आपण यावर साधारणपणे ‘चांदी तर चांदी, विक्रम तर झाला’ असं म्हणून पुढे जातो, जणू विक्रम हे हुकलेल्या सोन्याचं सांत्वन आहे. मला मात्र वाटतं की या दोन वेगळ्याच गोष्टी आहेत. ‘कोणाच्या पुढे?’ हा एक प्रश्न आणि ‘किती वेळात?’ हा दुसरा. खेळाच्या बातम्यांमध्ये ते एकत्र येतात, म्हणून एकच वाटतात. त्यांची नैतिक जात निराळी आहे, एवढंच मला या लेखात म्हणायचंय. त्यातून पुढे एक अवघड प्रश्न निघतो, त्याच्याशीही थोडं झटायचंय.

आधी दोन्ही गोष्टी किती सहज सुट्या होतात ते पाहू. ऑक्टोबर २०२३ मध्ये हांगझोच्या आशियाई स्पर्धेत साबळेने सुवर्ण जिंकलं तेव्हा त्याची वेळ होती ८:१९.५०. स्वतःच्या विक्रमापेक्षा आठ सेकंदांहून जास्त हळू. पुढे ७ जुलै २०२४ ला पॅरिसच्या डायमंड लीगमध्ये त्याने आयुष्यातली सर्वोत्तम वेळ नोंदवली, ८:०९.९१, आणि तिथे तो आला सहावा. जागतिक पातळीवर तर याहून क्रूर उदाहरण आहे. इथिओपियाच्या लेमेचा गिर्माच्या नावावर या शर्यतीचा जागतिक विक्रम आहे: ७:५२.११, जून २०२३, पॅरिस. माणसाने ही शर्यत याहून वेगात धावल्याची नोंद नाही. त्याच गिर्माकडे ऑलिम्पिकचं सुवर्ण नाही. टोकियोत रौप्य, २०१९, २०२२ आणि २०२३ च्या जागतिक स्पर्धांत रौप्य, आणि २०२४ च्या पॅरिस ऑलिम्पिकच्या शेवटच्या फेरीत अडथळ्यावर अडकून तो असा पडला की त्याला स्ट्रेचरवरून न्यावं लागलं. सर्वांत वेगवान माणूस आणि पहिला आलेला माणूस हे एकच असतील असं नाही.

पदक हे नातं आहे. ते मिळायला दुसरा कोणीतरी मागे राहावाच लागतो. किबिवोटचं सोनं आणि साबळेचं न मिळालेलं सोनं ही एकाच धातूची गोष्ट आहे. एकाकडे आलं म्हणजे दुसऱ्याकडून गेलं. यात काही वाईट नाही. दोघंही ठरवून, नियम मान्य करून त्या रेषेवर उभे राहिले होते. पण हिशोब मात्र बेरीज-वजाबाकीचा आहे, आणि उत्तर नेहमी शून्य.

विक्रमाचं तसं नाही. गोपाल सैनीने १९८१ मध्ये टोकियोत ८:३०.८८ अशी वेळ नोंदवली होती. ती ३७ वर्षं टिकली. २०१८ मध्ये भुवनेश्वरला साबळेने ८:२९.८० ची वेळ दिली आणि विक्रम मोडला. आता विचार करा, त्या दिवशी सैनीचं काय गेलं? १९८१ ची ती शर्यत त्याने पुन्हा हळू धावली का? त्याच्या पायांतून एक सेकंदही कोणी काढून घेतला नाही. ८:३०.८८ हे आजही ८:३०.८८ च आहे. ‘पण विक्रमवीर हे बिरूद तर गेलं ना’, असं कोणी म्हणेल. गेलं. पण ते बिरूद हे त्या धावण्याचं फळ नव्हतं, त्याच्यावर चिकटवलेली चिठ्ठी होती. पदक काढून घेतलं तर त्या दिवसाचा इतिहास बदलतो. विक्रम मोडला तर इतिहासात फक्त भर पडते.

*

हा फरक मला इतका महत्त्वाचा का वाटतो, ते सांगायला नागपूरच्या मैदानावर यावं लागेल.

मी सॉफ्टवेअरमध्ये काम करतो. आमच्याकडे दरवर्षी मूल्यमापन होतं आणि त्यात सगळ्यांना एका वक्ररेषेवर बसवतात. गटातल्या प्रत्येकाने उत्तम काम केलं तरी कोणीतरी खालच्या खणात जायलाच हवा, कारण खण आधीच आखलेले आहेत. या क्षेत्रातल्या कोणालाही हे नवं नाही. पण मी सकाळी जिथे धावतो तिथल्या मुलांचं जे चाललेलं असतं, त्यापुढे आमची वक्ररेषा म्हणजे पोरखेळ आहे.

उन्हाळ्यात नागपूरला सहानंतर धावणं म्हणजे शिक्षा. त्यामुळे पहाटे पाचला मैदान भरलेलं असतं. त्यातले बहुतेक ‘भरतीचे पोट्टे’. कोणी काटोल-सावनेरकडून येऊन खोली करून राहिलेला, कोणी रात्री सिक्युरिटीची ड्यूटी करून थेट इथे आलेला. पोलीस भरतीच्या मैदानी चाचणीत मुलांना १६०० मीटर आणि मुलींना ८०० मीटर धावावं लागतं. म्हणजे ज्याला खेळाच्या भाषेत मध्यम पल्ला म्हणतात, तो आपल्याकडे प्रत्यक्षात धावतात ते भरतीवाले. १६०० मीटर म्हणजे एक मैल, नऊ मीटर कमी. रॉजर बॅनिस्टरने १९५४ मध्ये ऑक्सफर्डला चार मिनिटांच्या आत धावला तोच मैल. फक्त इथे बॅनिस्टरचे चार नाहीत, पाच-दहा आहेत. पाच मिनिटं दहा सेकंदांत १६०० मीटर आले की वीसपैकी वीस गुण. मुलींना ८०० मीटरला दोन-पन्नास. त्यापुढे वेळ वाढेल तसे गुण घटतात. मैदानी चाचणी एकूण ५० गुणांची, लेखी १०० गुणांची.

माझ्या मनगटावर बरं घड्याळ आहे म्हणून वेळ घ्यायचं काम आपोआप माझ्याकडे आलं. ‘दादा, टायमिंग घेता का जरा?’ एवढ्यावर ओळख झाली. तीन वर्षांत मी किती वेळा ‘पाच-बावीस’, ‘पाच-चौदा’, ‘पाच-अकरा’ असं ओरडलो असेन याची गणती नाही. पाच-अकरा ऐकून रडणारा मुलगा मी पाहिलाय.

वरवर पाहता पाच-दहा ही विक्रमासारखी गोष्ट आहे. समोर माणूस नाही, आकडा आहे. तो कोणीही गाठू शकतो. एकाने गाठला म्हणून दुसऱ्याचा हुकत नाही. शंभर जणांनी पाच-दहा गाठलं तर शंभर जणांना वीस गुण. पण हे दिसणं फसवं आहे. २०२४ च्या भरतीत पोलीस दलातल्या वेगवेगळ्या पदांच्या १७ हजारांहून थोड्या जास्त जागांसाठी १७ लाखांहून जास्त अर्ज आले होते. एका जागेला शंभर. त्यामुळे घड्याळाविरुद्ध धावतोय असं वाटणारा प्रत्येक मुलगा खरंतर शेजारच्या मुलाविरुद्ध धावत असतो. शेजारच्याचं नाव त्याला ठाऊक असतं, त्याचा डबा त्याने खाल्लेला असतो.

त्यातल्या दोघांबद्दल सांगतो. एकाच गावचे, एकाच खोलीत राहणारे, एकाच प्रवर्गातले. एकाचा दम चांगला, दुसऱ्याचा शेवटचा वेग चांगला. दम असलेला दर रविवारी पहिले तीन फेरे पुढे राहून दुसऱ्याला ओढायचा. मैदानावर त्याला ‘ओढणं’च म्हणतात. पुढचा माणूस वारा कापतो, वेग सांभाळतो, मागच्याने फक्त त्याच्या पाठीकडे बघत राहायचं. असं आठ महिने चाललं. भरतीच्या दिवशी दोघंही एकाच गटात धावले. सवयीने पहिला पुढे राहिला, तीन फेरे ओढलं. शेवटच्या दोनशे मीटरला मागचा निघून गेला. त्याचं पाच-दहाच्या आत झालं, ओढणाऱ्याचं दोन सेकंदांनी हुकलं. लेखीत दोघं जवळपास सारखे. यादी लागली तेव्हा एक वर होता, दुसरा खाली.

काही दिवसांनी ओढणारा मैदानावर भेटला. तो चिडलेला नव्हता. शांतपणे म्हणाला, ‘दादा, एक सांगा. मी त्याले ओढलं नसतं तं माहं झालं असतं का?’

मी त्याला म्हटलं की ते कोणीच सांगू शकत नाही. खरंही तेच आहे. पण त्याचा प्रश्न वेळेबद्दलचा नव्हता. त्याला विचारायचं होतं की मित्राला मदत करणं ही चूक ठरते अशी जागा जगात का असावी.

*

आता हेच ओढणं दुसऱ्या एका शर्यतीत पाहू. १९७६ च्या माँट्रिऑल ऑलिम्पिकमध्ये ८०० मीटरच्या अंतिम शर्यतीत राजपुताना रायफल्सचा श्रीराम सिंग सुरुवातीपासून वेगात निघाला आणि पहिली फेरी त्याने आघाडीवर धावून काढली. नंतर क्यूबाचा अल्बेर्तो हुआंतोरेना पुढे गेला आणि १:४३.५० असा जागतिक विक्रम करून जिंकला. श्रीराम सातवा आला. पण त्याची स्वतःची वेळ होती १:४५.७७, आणि ती भारताचा विक्रम म्हणून जून २०१८ पर्यंत, म्हणजे जवळजवळ ४२ वर्षं टिकली. गुवाहाटीला जिन्सन जॉन्सनने १:४५.६५ धावून ती मोडली. हुआंतोरेनानेही आपल्या विक्रमाचं श्रेय श्रीरामने लावलेल्या वेगाला दिल्याचं सांगितलं जातं.

श्रीरामने पदक गमावलं असेल कदाचित. मागे राहून धावला असता तर क्रमांक वर गेला असता का, हे कोण सांगणार? पण वेळेच्या हिशोबात पाहिलं तर त्याच्या धाडसाने दोघांनाही दिलं. हुआंतोरेनाला जागतिक विक्रम मिळाला म्हणून श्रीरामच्या १:४५.७७ मधलं काही कमी झालं नाही. उलट एवढ्या वेगाची शर्यत होती म्हणूनच त्याचीही वेळ तशी आली. बॅनिस्टरच्या मैलाचंही तेच. आधी क्रिस ब्रॅशर पुढे होता, मग क्रिस चॅटअवे. त्यांनी बॅनिस्टरला दिलेली मदत त्यांच्यावर उलटली नाही.

विक्रमाच्या जगात मदत करणं परवडतं. भरतीच्या जगात ती कदाचित नोकरी घेऊन जाते. पाय तेच, अंतर जवळपास तेच, घड्याळ तेच; आणि मैत्रीची किंमत मात्र इतकी वेगळी. महत्त्वाकांक्षा चांगली की वाईट, या प्रश्नावर आपल्याकडे भरपूर बोललं जातं. मला वाटतं आधी विचारायचा प्रश्न असा: ही महत्त्वाकांक्षा पुरी झाली तर कोणाचं काय कमी होणार आहे? या कसोटीवर वेळेचा पाठलाग ही मला माहीत असलेल्या सर्वांत निरुपद्रवी महत्त्वाकांक्षांपैकी एक आहे.

*

यावर कोणीही विचारेल, आणि आमच्या घरी विचारतातच, की निरुपद्रवी आहे हे ठीक, पण उपयोग काय? सेकंदाच्या विसाव्या भागाने जगाचं काय भलं झालं? त्यासाठी माणसाने दहा-दहा वर्षं घरापासून लांब, ठरलेलं खाऊन, ठरलेलं झोपून काढायची?

माझं उत्तर माझ्या धंद्यातून येतं. गणितात आणि संगणकशास्त्रात एक प्रकारचा पुरावा असतो: एखादी गोष्ट अस्तित्वात आहे हे सिद्ध करायचं तर ती एकदा करून दाखवायची. पुन्हा वाद नाही. विक्रम हा तसा पुरावा आहे. ‘एवढ्या अंतरासाठी, या नियमांत, मानवी शरीराला एवढा वेळ पुरतो’ एवढंच तो म्हणतो. आणि पुराव्याचा गुण असा की तो वाटल्याने संपत नाही. साबळेने ८:३० च्या आत धावून दाखवल्यावर ‘आपल्याकडच्या शरीराला ते जमत नाही’ हे वाक्य कायमचं खोटं झालं. ते सगळ्यांसाठीच खोटं झालं, फक्त साबळेसाठी नाही.

इथे एक सावधगिरी हवी. बॅनिस्टरने भिंत पाडली आणि मग लगेच डझनावारी लोक चार मिनिटांच्या आत धावू लागले, अशी कथा प्रेरणा देणारे वक्ते सांगतात. तसं झालं नाही. बॅनिस्टरनंतर ४६ दिवसांनी ऑस्ट्रेलियाच्या जॉन लँडीने त्याचा विक्रम मोडला, हे खरं. पण लँडी आधीपासूनच ४:०२ च्या आसपास पुन्हा पुन्हा धावत होता. आणि बॅनिस्टरच्या शर्यतीला एक वर्ष पूर्ण झालं तेव्हा चार मिनिटांच्या आत धावलेले दोघंच होते, तो आणि लँडी. पुढचे तिघं आले २८ मे १९५५ ला. पुरावा मिळाल्याने पाय वेगाने चालत नाहीत. पुरावा एवढंच करतो की न जमण्याचं एक कारण यादीतून खोडतो. बाकीची कारणं तशीच राहतात.

विक्रम म्हणजे पुरावा असं मानलं की आणखी एक कोडं सुटतं. विक्रम कोणाचंच काही घेत नसेल, तर उत्तेजक घेऊन केलेला विक्रम वाईट का? पदक चोरलं तर दुसऱ्या क्रमांकाचा माणूस लुटला जातो, ते कळतं. पण एकट्याने घड्याळाविरुद्ध केलेल्या लबाडीत लुटलं कोण गेलं?

महिलांच्या ८०० मीटरचा जागतिक विक्रम १:५३.२८ आहे. चेकोस्लोव्हाकियाच्या यार्मिला क्रातोख्विलोवाने तो जुलै १९८३ मध्ये म्युनिकला केला. चार दशकं उलटून गेली, तो जागेवर आहे. ती कधीही चाचणीत दोषी ठरलेली नाही आणि तिने आरोप नेहमी नाकारले आहेत. पण त्या काळात पूर्व युरोपातल्या काही देशांत सरकारी यंत्रणाच खेळाडूंना औषधं देत होत्या हे नंतर उघड झालं, आणि त्यामुळे त्या काळच्या अनेक आकड्यांवर सावली पडली. ती प्रत्येक बाबतीत न्याय्य आहे का, हे मी ठरवू शकत नाही. परिणाम मात्र दिसतो. तेव्हापासून ८०० मीटर धावणाऱ्या प्रत्येक मुलीसमोर असा आकडा आहे ज्यावर भरवसा ठेवावा की नाही हे तिला कळत नाही. ते शक्य आहे म्हणून शरीर झिजवायचं, की मुळातच ते तसं शक्य नव्हतं?

म्हणजे लबाडीने केलेला विक्रम ही खोटी साक्ष आहे. ती लुटते ती नंतर येणाऱ्यांना. मोठ्या प्रमाणावर चाचण्या करणाऱ्या देशांमध्ये दोषी नमुन्यांच्या प्रमाणात भारत गेली काही वर्षं अगदी वरच्या बाजूला आहे, ही त्यामुळे केवळ नाचक्कीची बाब नाही. आपण आपल्याच पुढच्या मुलांना खोटे नकाशे देतोय. भरतीच्या मैदानाच्या कडेला कधीतरी रिकामी सिरिंज पडलेली दिसते, तेव्हा मला त्या मुलाचा राग येत नाही. शंभरात एक जागा असेल तर असं होणार. पण त्याच्या शेजारच्या मुलाला वाटत राहतं की पाच महिन्यांत पाच-पन्नासवरून पाच-पाचवर येता येतं, आणि तो आपल्या गुडघ्यांकडून तेवढं मागतो.

बुटांचंही याच कसोटीवर पाहता येतं. आताचे स्पाइक्स १९८१ च्या बुटांपेक्षा पाय जास्त परत फेकतात. नियम त्यांच्या तळव्याची जाडी २० मिलिमीटरवर थांबवतो. २० च का, २२ का नाही, याचं निसर्गात कुठे उत्तर नाही; तो माणसांनी केलेला करार आहे. पण बूट उघड असतात, सगळ्यांना मिळतात, साक्षीत नोंदलेले असतात. २६ जून २०२५ ला फेथ किपयेगॉनने पॅरिसमध्ये चार मिनिटांच्या आत मैल धावायचा प्रयत्न केला. पुढे-मागे वारा अडवणारे धावपटू, खास कपडे, खास बूट. वेळ आली ४:०७ च्या आत. तिच्या अधिकृत ४:०७.६४ पेक्षा ती कमी होती, पण विक्रम म्हणून धरली जाणार नाही हे पहिल्यापासून जाहीर होतं. मला यात कसलीही फसवणूक दिसत नाही. साक्षीदाराने आधीच सांगितलं होतं, मी कुठल्या परिस्थितीत काय पाहिलं. आणि पुढच्याच महिन्यात, ५ जुलैला, तिने नेहमीच्या नियमांत १५०० मीटरचा जागतिक विक्रम ३:४८.६८ वर आणून ठेवला.

*

आता तो अवघड प्रश्न. सैनीचा विक्रम ३७ वर्षं का टिकला? श्रीरामचा ४२ वर्षं का? आपण असे टिकलेले विक्रम अभिमानाने सांगतो. धावणाऱ्याचा अभिमान वाटलाच पाहिजे. पण पुरावा समोर असताना चार दशकं कोणी तो पुढे नेत नाही, यात बाकीच्यांच्या कारणांची यादी किती लांब होती तेही कळतं.

या काळात या देशात मुलं धावत नव्हती असं नाही. लाखो धावत होती. १६०० मीटर. आणि त्यांना कुठे थांबायचं ते सांगितलेलं होतं. पाच-दहाला वीस गुण मिळतात. चार-चाळीसलाही वीसच मिळतात. साबळे ८:०९.९१ धावला त्यात २८ अडथळे आणि सात वेळा पाणी होतं. तरी त्याचा वेग १६०० मीटरला साधारण ४ मिनिटं २१ सेकंद असा पडतो. भरतीत त्याचेही वीसच. माझ्या मैदानावर एक मुलगा आहे, त्याची मी मागच्या हिवाळ्यात ४:४१ अशी वेळ घेतली. मी उत्साहाने त्याला म्हणालो, अजून खाली येशील. तो म्हणाला, ‘काय करू दादा खाली येऊन? गोळाफेकमधे मार्क जाऊन राह्यले.’ त्याचा हिशोब अगदी बरोबर होता. दुसऱ्या दिवसापासून तो गोळाच फेकत होता.

साबळेचा प्रवास याच्या उजेडात पाहिला पाहिजे. आईवडील वीटभट्टीवर काम करणारे. बारावीनंतर तो सैन्यात भरती झाला, महार रेजिमेंटमध्ये. सियाचीनला राहिला, राजस्थानात राहिला, सिक्कीमला राहिला. धावण्याकडे गंभीरपणे वळला तो त्यानंतर, सैन्यातल्या क्रॉसकंट्रीतून, आणि स्टीपलचेसकडे त्याहून उशिरा. म्हणजे आधी तो भरतीच्या दारातून आत गेला, पोटाचा प्रश्न मिटला, आणि मग त्याला कोणाच्याही विरुद्ध नसलेलं धावणं परवडलं. तिथून २०१८ ते २०२४ मध्ये त्याने राष्ट्रीय विक्रम दहा वेळा मोडला, त्यातला पहिला सोडला तर बाकी सगळे स्वतःचेच. भुवनेश्वरचा साबळे आणि पॅरिसचा साबळे एकाच शर्यतीत धावले असते, तर दुसरा रेषेवर पोहोचला तेव्हा पहिला सुमारे ११७ मीटर मागे असता. सहा वर्षांत एका माणसाने स्वतःला एवढं मागे टाकलं आणि यात दुसऱ्या कोणाचं काही गेलं नाही.

श्रीराम सिंगही सैनिकच होता. माण तालुक्यातल्या मोही गावची ललिता बाबर रेल्वेत होती, जेव्हा तिने २०१६ च्या रिओ ऑलिम्पिकच्या प्राथमिक फेरीत ९:१९.७६ असा स्टीपलचेसचा राष्ट्रीय विक्रम केला आणि अंतिम फेरीत दहावी आली. तिची ती वेळ २०२३ मध्ये पारुल चौधरीने बुडापेस्टला मोडली. सैन्य, रेल्वे, पोलीस. आपल्याकडचे जवळपास सगळे आकडे पगारपत्रकाच्या आधाराने उभे आहेत. हे काही कमीपणाचं नाही. बॅनिस्टरलाही वैद्यकीचं शिक्षण होतं. घड्याळाशी खेळायला माणसाला आधी भाकरीच्या शर्यतीतून सुटका लागते.

म्हणून ‘अर्ध्या सेकंदासाठी आयुष्य घालवणं योग्य आहे का’ हा प्रश्न मला आता चुकीच्या माणसाला विचारलेला वाटतो. ज्याला ते घालवता येतंय तो कोणाचंही नुकसान न करता सगळ्यांच्या माहितीत भर घालतोय. त्याने खुशाल घालवावं. प्रश्न विचारायचा तो आपल्याला. कोणाचंही काही न घेणारी महत्त्वाकांक्षा बाळगण्याची मुभा इतक्या थोड्यांनाच का आहे? ज्यांना ती नाही त्यांना आपण घड्याळ तर दिलंय, पण त्या घड्याळाच्या मागे माणूस उभा केलाय.

याचं उत्तर मोठ्या शब्दांत देण्याची माझी पात्रता नाही. लहान शब्दांत एवढं सुचतं. पाच-दहाच्या पलीकडे, म्हणजे खरंतर पाच-दहाच्या आत, जे धावू शकतात, त्यांची नोंद घेणारं कोणीतरी त्या मैदानांवर हवं. तिथे वेळ मोजायला आता चिपा लावतात; कोणत्या जिल्ह्यात कोण ४:४० धावला हे यंत्राला कळतं. तो आकडा गुणांच्या वीसमध्ये बदलला की पुसला जातो. तो पुसू नये. त्यातल्या दहा जणांना जरी कोणी दोन वर्षांचं जेवण, एक प्रशिक्षक आणि धावायला सिंथेटिक ट्रॅक दिला, तर पुढचा विक्रम ३७ वर्षं वाट पाहणार नाही.

आणि त्या ओढणाऱ्या मुलाला? त्याच्या प्रश्नाला मी आज एवढंच म्हणेन: तू जे केलंस ते बरोबर होतं. ज्या शर्यतीत ते तुला महाग पडलं, तिची आखणी तू केली नव्हतीस. तो पुढच्या भरतीची तयारी करतोय, वयाची अट अजून दोन वर्षं लांब आहे. त्याच्या मागे आता एक नवा मुलगा धावतो, भिवापूरकडचा. मी वेळ घेतो तेव्हा पहिले तीन फेरे पुढे कोण असतं ते मला दिसतं.